अकरा मिनिटांची खोली

भाच्याने लॅपटॉप पलंगावर ठेवला आणि बजावलं, "मामा, अकरा मिनिटांचं आहे. गोष्ट नाही, आवाज नाही. मधे बोलायचं नाही."

"अरे, मग बघायचं काय?"

"खोली."

चित्रपटाचं नावच ते. 'ला शाम्ब्र', फ्रेंचमध्ये खोली. बेल्जियमच्या शांताल आकेरमान या दिग्दर्शिकेने १९७२ साली न्यू यॉर्कमध्ये केलेला. नाव ऐकून मी जरा सावरून बसलो. आमच्याकडे घराला घर कोणी म्हणत नाही. खोली कितव्या मजल्यावर, खोली कोणाच्या नावावर, खोलीचं काय ठरलं, असंच बोलतात. नायगावच्या बीडीडी चाळीत तिसऱ्या मजल्यावर १६० चौरस फुटांची खोली, जन्मापासून तीच. तेव्हा या विषयावर दोन शब्द बोलायचा हक्क आपल्याला पोचतो, असं मी धरून चालतो.

काय दिसतं ते आधीच सांगून टाकतो, फोडायला यात रहस्य वगैरे नाही. खोलीच्या मधोमध कॅमेरा उभा आहे आणि तो जागच्या जागी, अगदी संथ, गोल फिरतो. देवळात देव जागेवर असतो आणि आपण भोवती फिरतो. इथे मधला फिरतोय आणि भिंती उभ्या आहेत. लाल गादीची खुर्ची येते आणि जाते. टेबल येतं, त्यावर फळं, न्याहारीची भांडी. शेगडी, तिच्यावर किटली. खिडकी. आणि पलंग. पलंगावर पांघरुणात एक पोरगी. ती म्हणजे खुद्द आकेरमान, तेव्हा जेमतेम एकवीस-बावीस वर्षांची. कॅमेरा तिच्यावरून जातो तोही त्याच चालीने, जसा किटलीवरून गेला तसाच. थांबत नाही, जवळ जात नाही. बाई आली म्हणून वेग कमी केला, असं कुठे नाही. पुढच्या फेरीत पुन्हा तीच खुर्ची, तेच टेबल, तीच शेगडी, आणि पलंगावर ती, पण आता जरा वेगळी. कधी सरळ आपल्याकडे बघतेय. कधी सफरचंद खातेय. पलंग काही सोडत नाही.

बस, एवढंच.

पहिल्या फेरीला मी सामान मोजलं. चाळकऱ्याची खोड आहे ही, कोणाच्याही खोलीत गेलं की डोळा आधी सामानावर. दुसऱ्या फेरीला कंटाळा आला, खोटं कशाला बोलू. तिसऱ्या फेरीला मात्र वेगळंच काही व्हायला लागलं. खुर्ची दिसली की आता पुढे काय येणार हे मला आधीच कळायला लागलं, आणि मी पलंगाची वाट बघायला लागलो. बाई आता काय करत असेल? झोपली असेल का? आत्ता या क्षणी, कॅमेऱ्याची पाठ असताना, ती काय करतेय?

हे मला ओळखीचं वाटलं, आणि कुठून ते सांगतो. मी ३७ वर्षं आरएमएसमध्ये काढली. आरएमएस म्हणजे रेल्वे मेल सर्व्हिस, आणि मी सॉर्टिंग असिस्टंट. समोर लाकडी खणांची मांडणी, डाव्या हातात पत्रांचा गठ्ठा. नवा माणूस खण शोधतो, जुन्याचा हातच जातो. महिन्या-दोन महिन्यांत खणांकडे बघणं सुटतं, खण आहेत हेच विसरायला होतं. मग एखाद्या दिवशी वरून हुकूम येतो, लेबलं बदलतात, आणि त्या रात्री तुम्हाला पंधरा वर्षांत पहिल्यांदा मांडणी दिसते. कुठल्या खणाची फळी चिरलीय, कुठल्याच्या कडेला कोणी पेनने नाव खरडलंय, सगळं.

या चित्रपटात लेबलं बदलतात ती अशी. तीनेक फेऱ्या एका बाजूने झाल्या, आपण निर्धास्त झालो, आणि कॅमेरा अचानक उलट फिरायला लागतो. आवाज नाही, धक्का नाही, नुसती दिशा बदलली. मी पलंगावर दचकलो. भाचा हसला. त्याला ठाऊक होतं.

घरकामावरच्या, एकट्या बाईवरच्या चित्रपटात आपण धरून चालतो की रोजचा रगाडा बाईच्या हातात असणार. ती भांडी घासेल, केर काढेल, पाणी भरेल. इथे ती काहीच करत नाही. रगाडा ओढतोय तो कॅमेरा. तेच ते, त्याच क्रमाने, त्याच चालीने, न चुकता. ती नुसती त्या रगाड्याच्या वाटेत पडलेली आहे, खुर्चीसारखी, किटलीसारखी. एकटं राहणाऱ्याला हे समजावून सांगायला नको. आई २०१६ ला गेली, लग्न मी केलं नाही, २०१९ ला निवृत्त झालो. सकाळी पाणी येतं म्हणून मी उठतो. पाणी माझ्यासाठी येत नसतं, ते त्याच्या वेळेला येतं, आणि मी त्याच्या फेरीत सापडतो. मग पिंप, मग चहा, मग अंघोळ. कधी कधी वाटतं, दिवसच खोलीतून फिरून जातोय आणि जाता जाता एकदा माझ्यावरूनही जातो.

चित्रपटाला आवाज नाही म्हणजे अजिबात नाही. पार्श्वसंगीत नाही, रस्त्याची घरघर नाही. न्यू यॉर्कमध्ये बसून शांतता दाखवायची तर आवाज काढूनच टाकावा लागत असेल. पण आमच्या मजल्यावर मूकपट बघणं म्हणजे काय ते ऐका. बीडीडीत मधे अंधारा बोळ आणि दोन्ही बाजूंना समोरासमोर खोल्या. दारं उघडी. अकरा मिनिटांत कुकरच्या तीन शिट्ट्या झाल्या, बोळातून कोणीतरी पोराला 'चड्डी घाल मेल्या' म्हणून ओरडलं, कोपऱ्यातल्या खोलीतली मालिका रडली. त्या पोरीच्या खोलीला आमच्या मजल्याचा आवाज लागला आणि सांगायला हरकत नाही, शोभला. किटली आली तेव्हाच कुकरची शिट्टी वाजली. भाचा वैतागला, मी खूश.

समोरच्या खोलीतल्या वहिनी मधेच डोकावल्या. पाच मिनिटं मुकाट्याने बघत उभ्या राहिल्या आणि मग म्हणाल्या, "भावोजी, गॅस चालू आहे का बंद?"

या चित्रपटावर मी ऐकलेला हा सगळ्यात चांगला प्रश्न. कारण मीही प्रत्येक फेरीला तेच बघत होतो. किटली शेगडीवर आहे, बाई अंथरुणात आहे, मग खाली ज्योत आहे की नाही? मला सांगता येईना. पुढच्या फेरीला नीट बघू म्हणावं तर तोवर पुढे गेलेलं असतं. आत्ता सुचतंय की त्या पोरीने आमच्याकडून जे करून घ्यायचं ते करून घेतलं. दोन चाळकरी श्वास रोखून एका किटलीकडे बघत होते.

वहिनींचा दुसरा प्रश्न: "ही आजारी आहे का?" भाचा म्हणाला, "नाही काकू, एकाकी आहे." मला हे पटलं नाही, आणि अजूनही पटत नाही.

१९७२ मला चांगलं आठवतं. मी तेरा वर्षांचा होतो. त्या साली १५ ऑगस्टला पिनकोड सुरू झाला, पुढे जन्मभर ज्याच्यावर माझी भाकरी होती तो. २ ऑक्टोबरला मुंबई दूरदर्शन सुरू झालं. आणि गावाकडे दुष्काळ पडला. आमचं गाव माण तालुक्यात, तिथे बऱ्या सालीही पाणी बेताचंच. खोलीत आधी आम्ही सात: आई, वडील, आजी, चार भावंडं. दुष्काळाने काका, काकू आणि त्यांची दोन पोरं आली, झाले अकरा. चित्रपट अकरा मिनिटांचा, म्हणजे माणशी एक मिनिट. रेशनवर मिलो यायचा, ती लाल ज्वारी, तिच्या भाकरीला भाकरी म्हणायचं एवढंच. वडील गिरणीत, रात्रपाळी असली की दिवसा झोपायचे, त्यामुळे आम्ही पोरं कुजबुजत वाढलो. रात्री पुरुष माणसं बोळात पथाऱ्या टाकायची. त्या वयात मला जगात एकच गोष्ट हवी होती: दाराला आतून कडी, आणि बाहेरून कोणी ठोठावणार नाही अशी दहा-अकरा मिनिटं. तशी जागा अख्ख्या मजल्यावर एक, सामायिक संडास. तिथेही बाहेर रांग.

आणि त्याच साली, पृथ्वीच्या त्या टोकाला, एक पोरगी एका खोलीत एकटी पलंगावर लोळत सफरचंद खात होती. मला ती एकाकी नाही दिसली. ऐसपैस दिसली.

भाचा म्हणाला, "मामा, तुम्ही तुमचंच बघताय." बघतोय की! दुसऱ्याचं बघायला अकरा मिनिटं पुरत नाहीत.

बाकी माहितीचं थोडक्यात. कॅमेरा बाबेत मांगोल्त या बाईंचा. त्याच साली दोघींनी न्यू यॉर्कमधल्या एका स्वस्त हॉटेलवर 'हॉटेल मॉन्टेरे' केला, तोही मूक. मायकल स्नो या कॅनेडियन माणसाचे प्रयोग आकेरमानने तिथेच पाहिले होते. त्याने डोंगरात यंत्रावर कॅमेरा बसवून तो सगळ्या दिशांना फिरवला आणि त्याचा तीन तासांचा चित्रपट केला होता. हिने तेच फिरणं घरात आणलं आणि मधे पलंग टाकला. फरक साधा वाटतो, पण डोंगराला कोणी विचारत नाही की गॅस बंद केलास का.

लांबीचं म्हणाल तर १६ मिलिमीटरची ४०० फुटांची रीळ सेकंदाला २४ चौकटींनी चालवली की साधारण अकरा मिनिटं पुरते. म्हणजे चित्रपट जवळजवळ एका रिळाएवढाच. अंथरूण पाहून पाय पसरावे म्हणतात ते असं, आणि बाई अंथरुणातच आहे.

तीन वर्षांनी, १९७५ मध्ये, याच दोघींनी 'जान दिलमान' केला. २०१ मिनिटांचा. ब्रसेल्समधल्या एका विधवेचे तीन दिवस: बटाटे सोलणं, पलंग आवरणं, दिवा विझवून खोलीबाहेर पडणं. २०२२ मध्ये 'साइट अँड साउंड' मासिकाने जगभरच्या समीक्षकांचा कौल घेतला, त्यात तो सर्वोत्तम चित्रपट म्हणून पहिला आला. बाईने दिग्दर्शित केलेला चित्रपट त्या यादीत पहिला येण्याची ती पहिली वेळ. मी तो दोन बैठकांत पाहिलाय. प्रभात चित्र मंडळ या फिल्म सोसायटीचा जुना सभासद आहे मी, बसायची सवय आहे. पण कोणी विचारलं आधी कुठला बघू, तर मी 'खोली' सांगेन. त्या मोठ्या चित्रपटात बटाटे सोलून होण्याची वाट आपण का बघत बसतो, याची शिकवणी या अकरा मिनिटांत आहे.

आता तक्रार. कॅमेरा उलट फिरतो इथवर मी कुलकर्ण्याच्या वहीसारखी सगळी नोंद धरून होतो. पण त्यानंतर तो पूर्ण गोल फिरत नाही, पलंगाच्या आसपासच झोपाळ्यासारखा मागे-पुढे करायला लागतो. म्हणजे इतका वेळ खुर्ची, किटली आणि माणूस एका मापाने मोजलं, आणि शेवटी माणसाचा मोह सुटला नाहीच. मला तिथे खुर्चीची आठवण यायला लागली. भाच्याचं म्हणणं उलटं: "तिथेच तर ती जिवंत होते." असेल. मला तिथे दिग्दर्शिका दिसायला लागली आणि खोली दिसेनाशी झाली. बावीस वर्षांच्या पोरीने स्वतःकडे थोडं जास्त वेळ बघितलं तर माफ करायला हवं, पण गुण कापणार. पाचपैकी साडेतीन. अर्धा किटलीचा.

हा मजकूर इथेच संपला असता, पण भाच्याच्या डोक्यात किडा वळवळला. अंधेरीला जाहिराती एडिट करतो, रविवारी हात शिवशिवतात. म्हणाला, "मामा, आपण आपल्या खोलीचा करू." आईच्या शिलाई मशीनचं गोल स्टूल फिरतं, त्यावर फोन बांधला आणि तो स्वतः खाली उकिडवा बसून स्टूल हाताने फिरवणार. पहिली अडचण, मध्य. १६० फुटांच्या खोलीला मध्य नसतो. मध्यावर पलंगाचा पाय येतो. पलंग सरकवला तर मोरीची वाट बंद. शेवटी पिंप बोळात काढलं, तेव्हा कुठे स्टूल फिरायला जागा झाली. मग बोळातून जाणारा प्रत्येक जण दारातून विचारायला लागला, "पिंप बाहेर का? पाणी जाणार आहे का?"

मी पलंगावर. सफरचंद नव्हतं, पेरू घेतला.

रात्री आम्ही ते बघितलं. पहिल्या फेरीत मी छान गंभीर, सरळ फोनकडे बघतोय. खोली मात्र मला अनोळखी वाटली. कालनिर्णय मागच्या महिन्यावरच. कपांच्या स्टँडला बारा आकडे, कप दोन. देव्हाऱ्याशेजारी खिळ्याला खोलीच्या कागदपत्रांची प्लास्टिकची पिशवी. ती इतकी वर्षं तिथे आहे की तिच्यामागची भिंत पांढरीची पांढरी राहिलीय, बाकी सगळी पिवळी. कप रोज हाताळतो, पिशवीवर दर दिवाळीला फडकं मारतो. बघितलं मात्र कशाकडेच नव्हतं.

दुसऱ्या फेरीत मी दाराकडे बघतोय. तिसऱ्यातही. पेरू हातात तसाच. दार उघडं होतं ना, आमच्याकडे दिवसा दार लावलं की लोक विचारायला येतात, बरं नाही का. तिसरी फेरी पुरी होईतो वहिनी वाटी परत करायला आल्या आणि दारातच थबकल्या. चित्रफितीत फोन शिलाई मशीन, देव्हारा, कालनिर्णय असा सावकाश फिरत दाराशी येतो तर तिथे वहिनी, हातात वाटी, पदर सावरून उभ्या, जणू फोटो काढतोय. मग फोन पुढे जातो आणि पलंग येतो तर पलंग रिकामा, कारण मी वाटी घ्यायला उठलेलो.

भाच्याने कपाळाला हात लावला. मला मात्र ती आमची सगळ्यात चांगली फ्रेम वाटली, रिकामा पलंग आणि उशीवर अर्धा पेरू.

पुन्हा करायचं ठरलंय, आणि लवकर करावं लागेल. पुनर्विकासात आमची इमारत जाणार, नवी जागा ५०० चौरस फुटांची. हॉल, स्वयंपाकघर, झोपायची खोली, संडास घरात. भाच्याने नकाशा बघून सांगितलं, "मामा, तिथे स्टूल कुठेही ठेवलं तरी एका फेरीत सगळं दिसणार नाही, मधे भिंती येतात." मी बराच वेळ तो नकाशा उलटसुलट करून बघत होतो. स्टूल झोपायच्या खोलीत ठेवलं तर शेगडी नाही. शेगडीशी ठेवलं तर मी नाही.

तेव्हा पुढच्या रविवारी, दुपारी, मजला झोपलेला असतो तेव्हा. सफरचंद आणलंय. काल वहिनींना सांगितलं, दोन ते अडीच दार लावलेलं असेल, काळजी करू नका. त्या बरं म्हणाल्या, जायला वळल्या, आणि पुन्हा फिरून विचारलंन्, "मग मी आत कधी यायचं? वाटी घेऊनच येऊ ना?"